मानवजात आणि नगराळे बाई

माणूस मुळातच स्वार्थी आहे, हे मला बी.एड. करतानाच कळलं होतं. कसं कळलं ते विचारू नका. होस्टेलात माझी नवी चप्पल चोरीला गेली होती, एवढंच आठवतं. एका चपलेवरून मी अख्ख्या मानवजातीचा निकाल लावला, आणि पुढची वीसेक वर्षं त्या निकालावर फेरविचार करायची मला गरज वाटली नाही.

उलट मी त्यावर पुस्तक लिहायला घेतलं. 'मानवजातीचं पुढं काय?' असं त्याचं नाव. दोनशे पानी जाड वही आणली, पहिल्या पानावर पुस्तकाचं नाव घातलं, खाली स्वतःचं नाव जरा मोठ्या अक्षरात घातलं. चाळीस पानं झाली आणि गाडी अडली. कारण मानवजात आपसात मारामाऱ्या करून संपणार, हे मी सातव्या पानावरच सांगून बसलो होतो. पुढच्या पानांत तिनं काय करावं हे तिलाही सुचेना आणि मलाही.

मी तेव्हा तेलुगू मुलखातल्या गुडीहत्नूर मंडलातल्या, म्हणजे तालुक्यातल्या, एका मराठी शाळेत सामाजिक शास्त्र शिकवायचो. गावाचं नाव सांगत नाही. गावाची अब्रू जाईल म्हणून नव्हे, माझी. गाव हायवेला लागूनच. हेडमास्तरांची जागा कित्येक वर्षं रिकामी, म्हणून मी इनचार्ज. शाळेत पोरं कमी, मास्तर त्याहून कमी. अशात तलमडुगुकडून बदली होऊन नगराळे बाई आल्या.

शकुंतला नगराळे. गणित आणि विज्ञान. पन्नाशीच्या, बुटक्या, चालताना पुढं वाकलेल्या, जणू कायम चढावर चालल्या आहेत. काखेत एक काळी छत्री. ती पावसात क्वचितच उघडायची. फळ्यावरचं उदाहरण दाखवायला आणि मागच्या बाकावरच्या पोराला जागं करायला ती असे.

आल्या त्याच दिवशी त्यांनी पाण्याच्या पिंपाकडं पाहिलं. पिंपाला दोन स्टीलचे ग्लास साखळीनं बांधलेले होते. ती साखळी माझीच योजना. बाई सायकलवाल्याकडून पक्कड घेऊन आल्या आणि दोन्ही साखळ्या तोडल्या.

"बाई, हे काय करून राह्यल्या?" मी ऑफिसातून बाहेर येऊन म्हणालो. "दोन दिवसांत ग्लास जातीन. माणसाचा स्वभाव आहे थो."

"जातीन तं जातीन. पाहू ना."

तिसऱ्या दिवशी एक ग्लास गेला. मला झालेला आनंद मी चेहऱ्यावर दिसू दिला नाही, असं मला वाटतं. बायकोनं मात्र घरी गेल्याबरोबर विचारलं की पगारवाढ झाली का. बाईंनी नवा ग्लास आणून ठेवला. आठवड्यात तोही गेला. मी प्रार्थनेनंतर पोरांना चोरी या विषयावर वीस मिनिटं उन्हात उभं केलं. मानवजातीच्या ऱ्हासाची सुरुवात पाण्याच्या ग्लासापासून होते, असं एक वाक्य मला बोलता बोलताच सुचलं आणि ते वहीत टिपून घेण्यासाठी मी भाषण आवरतं घेतलं.

दुपारी बाई ऑफिसात आल्या. माझ्या टेबलाच्या खालच्या खणातून त्यांनी दोन ग्लास काढले. एकात माझा आदल्या दिवशीचा चहा वाळला होता, दुसऱ्यात मी पेनं उभी करून ठेवली होती.

"राऊत सर, धुऊन ठेवत जा ना," एवढंच म्हणाल्या आणि ग्लास घेऊन गेल्या.

पोरांसमोर ही गोष्ट त्यांनी कधी काढली नाही. मला ते जास्त झोंबलं. चार दिवसांनी मीच न राहवून विचारलं, "पण साखळीचा तुमाले एवढा काऊन राग?"

बाई पेपर तपासत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "माह्या बापाले पाटलाच्या घरी वरून पानी टाकत. ओंजळीत. सालदार होता थो. बांधलेला ग्लास पाह्यला का मले गळ्यात अडकल्यावानी होते."

आमच्या घरी ओसरीच्या कोनाड्यात एक वेगळा जर्मनचा ग्लास असायचा. तो कुणाचा, हे मी लहानपणी एकदा विचारलं होतं आणि उत्तर मिळाल्यावर पुन्हा विचारलं नव्हतं. माझ्या पुस्तकाच्या चाळीस पानांत जगातल्या सगळ्या युद्धांचा उल्लेख होता. त्या कोनाड्याचा नव्हता.

आता कुणाला वाटेल की बाई म्हणजे भोळ्या भाबड्या. छे! त्यांच्या स्कूटीला दोन कुलपं असत. एक कंपनीचं, एक बाजारातलं. मी एकदा म्हणालो, "बाई, मानसावर एवढा भरवसा, मंग दोन कुलपं कायले?"

"मानसावर भरवसा आहे. गुडीहत्नूरच्या बाजारावर नाही."

डब्यात ज्वारीची भाकर आणि लाल मिरचीचा ठेचा. भाकर कुणालाही देत. ठेचा देत नसत. "ठेचा ज्याचा त्यानं कुटावा" म्हणत. एखाद्याची स्तुती करायची वेळ आली की त्यांची जीभ जड व्हायची. वर्गात पहिल्या आलेल्या पोरीला "बरं हाय, अक्षर सुधार" इतकंच मिळे. आणि भांडायच्या म्हणजे काय भांडायच्या! एकदा तहसीलच्या दफ्तरात एका शाळकरी पोरीचा जातीचा दाखला अडवून धरला होता, तर बाई सकाळी जाऊन तिथल्या बाकावर बसल्या आणि तिथंच पोरांचे पेपर तपासू लागल्या. दुपारपर्यंत दाखला मिळाला. कारकुनानं वरून चहाही पाजला.

"पाह्यलं, किती चांगला मानूस," त्या मला म्हणाल्या.

"चांगला कायचा? तुमी उठत नोहत्या म्हून देला."

"म्हून देला ना? मंग बसलं पाह्यजे. चांगल्या मानसाले बी कोणतरी समोर बसाले लागते."

त्यांची एक म्हण होती, स्वतःच बनवलेली. कापसाचं गाव, म्हणून म्हणही कापसाचीच. मी माणसाच्या स्वार्थाचं पुराण लावलं की त्या म्हणत, "राऊत सर, बोंड फोडून पाहा. अळी बी त्यातच, कापूस बी त्यातच. तुमी निस्ती अळी पाह्यता."

"अन् तुमी निस्ता कापूस."

"मी दोनी पाह्यते. पन येचतानी कापूस येचते."

अशा माणसाला आपलं पुस्तक वाचायला देऊ नये. मी दिलं. चाळीस पानं, खाकी कव्हर घालून. आठ दिवसांनी वही परत आली. आत लाल पेन फिरलेलं. ऱ्हस्वदीर्घाच्या चुका, एकेक दुरुस्त केलेल्या. शेवटच्या पानाखाली, विज्ञानाच्या प्रयोगवहीत लिहितात तसं, चार शब्द एकाखाली एक लिहिलेले: साहित्य, कृती, निरीक्षण, अनुमान. पहिल्या तिन्हींसमोर मोठ्ठी शून्यं. चौथ्यासमोर 'भरपूर'.

मी दोन दिवस त्यांच्याशी बोललो नाही. तिसऱ्या दिवशी त्यांनी मला ठेचा दिला. इतक्या वर्षांत एकदाच.

मग लॉकडाऊन लागला.

शाळा बंद झाली आणि मी मनातून खूश झालो. संकटात माणूस कसा लांडगा होतो, हे प्रकरण लिहायला याहून चांगली वेळ कोणती? मी फाटकाला आडवा बांबू बांधला, 'आत येऊ नये' अशी पाटी लावली, घरात डाळ-तांदूळ भरून घेतले आणि वही उघडली. 'संकटसमयी मनुष्य केवळ स्वतःचा विचार करतो' हे वाक्य लिहिलं, हात साबणानं धुतले आणि बरं वाटलं.

तिकडं हायवेवरून माणसं चालत निघाली होती. हैदराबादकडून नागपूरकडं. डोक्यावर बोचकी, कडेवर लेकरं. बाई हायवेजवळच भाड्यानं राहत. त्यांनी दाराशी पाण्याचे रांजण मांडले होते, हे मला बायकोकडून कळलं. मग त्यांचा फोनही आला. "सर, पुस्तकासाठी मानूस पाह्याचा असन तं या. रोडानं चालून राह्यला."

मी गेलो नाही. मला सर्दी आहे असं सांगितलं. त्या दिवसांत सर्दी हे सांगायला सगळ्यात वाईट कारण होतं हे मला फोन ठेवल्यावर लक्षात आलं.

एका सकाळी अकराच्या सुमाराला बाई स्वतःच माझ्या फाटकाशी आल्या. वैशाखाचं ऊन तापलं होतं. तोंडाला पदर बांधलेला.

"सर, शाळेची चावी द्या."

"कायले?"

"मध्यप्रदेशातलं कुटुंब आहे. नवरा, बायको अन् त्याची माय. बाई सात महिन्यांची आहे, पाय सुजून खांबावानी झाले. दुपारभर एका खोलीत टेकतीन, ऊन उतरल्यावर जातीन. माह्या घरी पत्रे आहे, भट्टी होते."

मी बांबूच्या आतून म्हणालो, "बाई, शाळा सरकारी आहे. वरून इजाजत पाह्यजे. उद्या काही झालं तं जबाबदारी माह्यावर."

"इजाजत मांगा मंग. फोन लावा."

मी फोन लावला. साहेबांनी उचलला नाही. मला हायसं वाटलं, आणि ते बाईंना दिसलं. त्या वळून उन्हात चालू लागल्या, चढावर चालल्यासारख्या.

घरात आलो तर बायको स्वयंपाकघराच्या दारात उभी. तिनं सगळं ऐकलं होतं.

"लिहा आता तुमच्या पुस्तकात," ती म्हणाली. "मानसानं चावी देली नाही म्हून."

मी वहीसमोर बसलो. संकटात माणूस केवळ स्वतःचा विचार करतो, या वाक्याला इतकी वर्षं मी जगभरातून पुरावे शोधत होतो. आता पुरावा घरातच सापडला होता, लुंगी नेसून खुर्चीत बसलेला. एखादा खरा विचारवंत असता तर खूश झाला असता. मला मात्र जेवण गेलं नाही.

दुपारी दोनच्या पुढं मी चावी घेऊन निघालो. निघण्याआधी चावी साबणानं धुतली, हेही सांगून टाकतो.

बाईंच्या गल्लीच्या तोंडाशी बाभळीचे काटे टाकलेले होते. शाळा समितीचे किसनराव, गावातले मोठे कास्तकार, काठी घेऊन सावलीत बसले होते. काटे त्यांचेच.

"मास्तर, जाऊ नका," ते म्हणाले. "बाईले पुन्य लागन, अन् रोग आमाले लागन! सकाळपासून सांगून राह्यलो, ह्या लोकायले काढा म्हून. आयकत नाही."

मी काट्यांच्या अलीकडं उभा राहिलो. पलीकडं जावं की नाही याचा विचार करत होतो, तेवढ्यात आतून एका बाईचं ओरडणं ऐकू आलं. मग नगराळे बाई दारात आल्या. पदर सुटलेला, चेहरा घामानं भिजलेला. मी चावी दाखवली.

"आता चावी काय करू, सर?" त्या म्हणाल्या. "तिच्या पोटात कळा येऊन राह्यल्या. गाडी पाह्यजे. ॲम्ब्युलन्सचा फोन लागून नाही राह्यला."

तिचा नवरा बाहेर आला. पंचविशीतला, पायाला चिंध्या गुंडाळलेल्या. किसनरावांच्या पुढ्यात, काट्यांच्या पलीकडून, हात जोडून उभा राहिला. "साहब, गाड़ी मिल जाती तो..."

माझ्याकडं मोटरसायकल होती. तिच्यावर त्या बाईला कसं बसवणार, असा विचार मी करत होतो, आणि तो विचार पुरा व्हावा अशी माझी घाई नव्हती.

किसनराव उठले. काठीनं काटे बाजूला सारले. "पाह्यता काय, मास्तर? धरा तिकून!" म्हणत त्यांनी मला उरलेले काटे ओढायला लावले आणि घरून जीप आणली. शेतमालाच्या ने-आणीचा पास होता त्यांच्याकडं. नगराळे बाई, ती गर्भार बाई आणि तिची सासू मागं बसल्या, नवरा पुढं. किसनराव सगळ्या वाटेनं ओरडत होते असं बाईंनी नंतर सांगितलं. घरून निघालेच काऊन, गर्भारशीले चालवत आणता काय, अक्कल आहे का. नवऱ्याला मराठी कळत नव्हतं, तो प्रत्येक वाक्याला "जी साहब" म्हणत होता. आणि वाटेत आडव्या आलेल्या पोलिसाला किसनरावांनी सांगितलं, "माही सून आहे."

सरकारी दवाखान्यात कळा थांबल्या. उन्हानं आणि चालण्यानं झालं, डॉक्टरणीनं सांगितलं. दोन दिवस निजवून ठेवलं. तिसऱ्या दिवशी नागपूरकडं जाणाऱ्या एका ट्रकवाल्यानं तिघांना घेतलं.

आणि त्याच सकाळी किसनरावांनी गल्लीच्या तोंडाशी पुन्हा काटे टाकले.

मी म्हणालो, "अवो, परवा तं तुमी सून म्हनलं तिले!"

"मंग? गाडी देली म्हून काटे काढन असं आहे काय?" त्यांनाही ते विचित्र वाटलं असावं, कारण पुढं ते बराच वेळ काट्यांकडंच पाहत राहिले.

मी ही हकिगत बाईंना सांगितली. वाटलं होतं, खट्टू होतील. त्या इतक्या हसल्या की दाराच्या चौकटीला धरून उभ्या राहिल्या.

"लिहा सर, लिहा! कोन्या पानावर टाकता किसनरावले?"

मला पान सापडलं नाही. आजही सापडलेलं नाही.

मी चावी मग बाईंकडंच देऊन टाकली. इजाजत आली नाही आणि मी पुन्हा मागितली नाही. माझ्या नोकरीतला तेवढा एकच बेकायदा प्रकार. दुपारच्या उन्हात माणसं शाळेत टेकत, ऊन कललं की निघत. गावातून काही घरांतून भाकरी येऊ लागल्या, काही घरांची दारं शेवटपर्यंत बंद राहिली. दूधवाल्यानं बाईंच्या घरी दूध घालायचं बंद केलं ते केलंच. माझ्या बायकोनं रोज वरणाचा गंज (आमच्याकडं मोठ्या पातेल्याला गंज म्हणतात) पाठवला आणि तो न्यायचं काम माझ्याकडं दिलं. मी शाळेच्या पायरीवर ठेवून लांब उभा राहायचो. हळूहळू अंतर कमी झालं. एका म्हाताऱ्यानं एकदा वरण वाढता वाढता मलाच विचारलं, "आपने खाया, मास्टरजी?" मी खाल्लं होतं. तरी नाही म्हणालो आणि त्याच्या शेजारी बसलो.

एके दिवशी माझ्या वर्गातला पृथ्वीचा गोल चोरीला गेला. माझ्यातला जुना विचारवंत तडक उठला. बाईंना फोन करून म्हणालो, "पाहा, देलं त्याचं हे फळ! ग्लोब नेला कोनीतरी."

बाई म्हणाल्या, "लेकरू रडत असन कोनाचं तरी. हलका असते थो, चालतानी ओझं नाही होत."

त्या मध्यप्रदेशातल्या नवऱ्याचा नंबर बाईंनी घेऊन ठेवला होता. पोहोचलात का, काय झालं, पोरगा की पोरगी, हे विचारायला त्या महिनाभर फोन लावत होत्या. तो कधी लागला नाही. मी दर वेळी समोर बसलेलो असायचो आणि काय काय झालं असेल ते सगळं माझ्या डोक्यात येऊन जायचं. बाई फोन ठेवायच्या.

"लिवतानी एखादा आकडा चुकला असन माह्याच्यानं," म्हणायच्या.

गणिताच्या बाई. बदलीच्या अर्जापासून दहावीच्या निकालापर्यंत त्यांचा आकडा चुकलेला मी पाहिला नव्हता. पण त्या दिवसांत मी पहिल्यांदाच माझं मत तोंडातच ठेवायला शिकलो. "असन," म्हणायचो.

बाई रिटायर झाल्या त्या वर्षी शाळेत नववीला मराठीची सात पोरं उरली होती. निरोप समारंभात मी भाषणाला उभा राहिलो. कागदावर मानवजात, मानवता, महामानव असे बरेच शब्द लिहून आणले होते. बाईंनी पहिल्या रांगेतून छत्रीनं घड्याळ दाखवलं. मी बसलो.

निर्मलपुढच्या भैंसा गावात त्यांची मुलगी राहते, जिनिंगच्या मागच्या गल्लीत. बाई तिच्याकडं राहायला गेल्या. मागच्या हिवाळ्यात तिथंच वारल्या. मला उशिरा कळलं, मातीला जाता आलं नाही. म्हणून माझ्यासाठी शेवटच्या बाई म्हणजे त्या गाव सोडून निघाल्या त्या सकाळच्या बाई.

मी त्यांना निर्मलपर्यंत सोडणार होतो; तिथून पुढं त्या भैंशाची गाडी धरणार होत्या. बायकांना तिकीट माफ झाल्यापासून आमच्या रस्त्याच्या बसला पाय ठेवायला जागा नसते. गाडी आली तीच दारापर्यंत भरलेली. बाईंनी ट्रंक आत ढकलली आणि पायरीवर चढून आतल्यांना सांगायला सुरुवात केली. तेलुगूत "जरगंडी, जरगंडी", मराठीत "सरका, सरका", हिंदीत "आगे हो जाओ, बहुत जगह है". कुठं होती जागा? पण माणसं कुरकुरत सरकली. बाई आत शिरल्या. त्यांच्या मागं टोपली घेतलेली एक बाई शिरली, मग दोन कॉलेजच्या पोरी, मग कोंबडी काखेत धरलेला एक म्हातारा. बाई आतून एकेकाचा हात धरून ओढून घेत होत्या.

मी खाली उभा. एवढ्या गर्दीत आता मुंगीही शिरणार नाही, हे मला स्पष्ट दिसत होतं. हा म्हातारा गेला की दार लागणार, मग आपण दुसऱ्या गाडीनं मागून जाऊ, असा मी हिशेब लावला आणि सभ्यपणानं दोन पावलं मागं झालो. कंडक्टरनं घंटी मारली. गाडी हलली.

खिडकीतून, दोन अनोळखी बायांच्या मधून, नगराळे बाईंचं डोकं बाहेर आलं.

"राऊत सर! काऊन उभे राह्यले तिथं?" त्या ओरडल्या. "जागा होती ना!"